खोडरबर आधी कपाटात ठेवा: वडिलांच्या डब्यातल्या शब्दकोड्यांविषयी

प्रश्न थोडक्यात असा आहे. वडील गेल्यावर त्यांच्या ट्रंकेत बिस्किटांचा पत्र्याचा डबा सापडला. आत वर्तमानपत्रांतल्या शब्दकोड्यांची शे-दीडशे कात्रणं, अंदाजे १९५५ ते १९८० मधली. काही टाचणीने एकत्र लावलेली, काही घडीवर तुटायला आलेली, बरीच शाईने नाहीतर पेन्सिलीने अर्धवट सोडवलेली. बहीण म्हणते, पेन्सिल खोडून कोरी करू, म्हणजे मुलांना सोडवता येतील. कोपऱ्यावरचा झेरॉक्सवाला लॅमिनेशन करून द्यायला तयार आहे. उत्तरं कुठेच नाहीत. काय करावं? सोबत पाच फोटो.

मी एका ग्रंथालयाच्या जुन्या नियतकालिकांच्या विभागात बरीच वर्षं काढली आणि मधली काही वर्षं एका रविवार पुरवणीसाठी शब्दकोडी रचली. त्यामुळे कागद आणि कोडं, दोन्ही बाजूंनी सांगते. उत्तर लांबणार आहे.

आधी दोन नकार. लॅमिनेशन नको आणि खोडरबर नको.

वर्तमानपत्राचा कागद टिकण्यासाठी केलेलाच नसतो. लाकूड यंत्रात भरडून त्याचा लगदा करतात आणि त्यात लिग्निन, म्हणजे लाकडाचे तंतू जोडून ठेवणारं द्रव्य, तसंच राहतं. उजेड आणि हवा लागली की ते पिवळं पडतं, कागदात आम्ल वाढतं आणि तंतू तुटत जातात. घडीवर कागद पापडासारखा मोडतो तो यामुळे. लॅमिनेशनमध्ये हाच कागद तापलेल्या रुळांतून जातो आणि दोन्हीकडून वितळलेला चिकट थर त्याच्यात मुरतो. आतलं आम्ल आतच कोंडतं. पुढे कागद वेगळा करायचा म्हटलं तर तो प्लास्टिकबरोबर सोलून येतो. वर्षानुवर्षं जुने अंक हाताळल्यावर माझा एक ठाम नियम झाला आहे: जे उलटं फिरवता येत नाही, ते करायचं नाही. सेलोटेपलाही हाच नियम. टेप काही वर्षांत वाळून गळून पडते आणि तिचा तपकिरी डाग मात्र कायमचा मुक्कामाला राहतो.

आता पेन्सिलीबद्दल. तुमचा तिसरा फोटो मोठा करून बघा. ७ उभा, 'दोन आणे (३)'. तिथे आज 'चवली' दिसतं. पण पहिल्या चौकोनातल्या 'च'खाली एक पुसट 'पा' आहे. वडिलांनी आधी 'पावली' लिहिलं होतं. पावली म्हणजे चार आणे, चवली म्हणजे दोन, आणि दोन्ही शब्दांची शेवटची दोन अक्षरं सारखीच. घाईत कुणाचीही गफलत होईल. मग ७ आडवा आला, 'सूतकताईचे साधन (३)', तिथे 'चरखा' बसला आणि 'पा'चा 'च' करावा लागला. कोडं सोडवताना माणसाचं डोकं कसं चाललं, ते त्या एका चौकोनात दिसतं. बहिणीला हा चौकोन दाखवा. खोडरबर तिच्या हातून आपोआप खाली पडेल.

असं आणखी काही दडलेलं असेल तर ते असं शोधा. खोलीत अंधार करा, टॉर्च कागदाच्या पातळीला जवळजवळ आडवी धरा आणि बाजूने प्रकाश टाका. पेन्सिल खोडली तरी तिचा दाब राहतो. त्या खाचांत सावली पडते आणि अक्षर उठून दिसतं. माझ्याकडच्या एका कात्रणात अशा उजेडात एकाच चौकोनात तीन अक्षरं एकावर एक निघाली होती.

आता हाताळणी. फोटोंवरून घरात ओल दिसते, खिडकीच्या काचेवर पावसाचे ओघळ आहेत. पावसाळा सरेपर्यंत डब्यातलं काही सुटं करू नका. दसऱ्यानंतर हवा कोरडी पडली की बसा. मोठं टेबल, स्वच्छ पांढरा कागद, चित्रकलेचा मऊ ब्रश, एक बोथट पातळ सुरी, एवढं पुरे. हातमोजे नकोत. ठिसूळ कागदाच्या कडा सुती मोज्यात अडकून तुटतात. हात साबणाने धुऊन पूर्ण कोरडे केले की झालं.

गंजलेली टाचणी ओढून काढू नका. गंज कागदाला धरून बसलेला असतो, ओढली की भोकाभोवतीचा तुकडा घेऊनच ती बाहेर येते. कागद सपाट ठेवा, टाचणीखाली पातळ पुठ्ठ्याची पट्टी सरकवा, सुरीच्या टोकाने गंज हळूहळू मोकळा करा आणि मग टाचणी आली त्याच वाटेने मागे सरकवा. एका टाचणीला पाच मिनिटं लागली तर लागू द्या.

घड्या उघडायला घरगुती उपाय आहे, पण तो फक्त पेन्सिलीच्या आणि कोऱ्या कात्रणांसाठी. इडलीपात्र घ्या. तळाला पाणी नको, घट्ट पिळलेला ओला टॉवेल ठेवा. त्यावर चाळणी, चाळणीवर टिपकागद, टिपकागदावर घडी घातलेलं कात्रण. झाकणाला आतून कोरडं फडकं बांधा, नाहीतर झाकणावर जमलेला थेंब नेमका कोड्यावर पडेल. गॅस पेटवायचा नाही, हे सांगायची गरज नसावी, पण एकदा पेटवलेला मी पाहिला आहे. वीस-पंचवीस मिनिटांत कागद नरम पडतो आणि घडी न मोडता उघडते. मग दोन टिपकागदांमध्ये ठेवून वर जाडजूड पुस्तक. शाईने लिहिलेल्या कात्रणांना हे करू नका. छापखान्याची शाई तेलाची असते, तिला दमटपणाचं काही वाटत नाही. फाउंटन पेनाची निळी शाई मात्र नुसत्या ओलसर हवेनेही पसरू शकते. त्या घड्या तशाच राहू द्या, किंवा कागदाचं काम जाणणाऱ्या माणसाकडे न्या. सोडा वॉटरमध्ये मिल्क ऑफ मॅग्नेशियाच्या गोळ्या विरघळवून त्यात कात्रणं बुडवायची एक कृती फिरत असते. त्यामागचं रसायन खोटं नाही, आम्ल त्याने खरंच कमी होतं. पण तुमच्या डब्यात शाई आहे, तेव्हा त्या वाटेला जाऊ नका.

ठेवायचं कशात? प्रत्येक कात्रण आम्लमुक्त कागदाच्या घडीत. फारच ठिसूळ असेल तर पॉलिएस्टरच्या पारदर्शक पाकिटात. बाजारात मिळणारी मऊ, वास येणारी पीव्हीसीची पाकिटं घेऊ नका, ती पुढे छपाई ओढून घेतात. पत्र्याचा डबा आठवण म्हणून ठेवा, पण कात्रणं त्यात परत घालू नका. पावसाळ्यात त्याला आतून घाम येतो. माळाही नको, पावसाची ओल घेणारी बाहेरची भिंतही नको. कपाटातला मधला कप्पा उत्तम. डांबराच्या गोळ्या कागदाला टेकवू नयेत. कडुलिंबाचा पाला घालायची आपल्याकडे जुनी रीत आहे, ती पाळायची तर पाला मलमलच्या पुरचुंडीत बांधून कोपऱ्यात ठेवा. नुसता घातला तर प्रत्येक पानाचा ठसा कागदावर उमटतो.

आता ज्यासाठी मी हे सगळं लिहायला घेतलं, ती गोष्ट: कात्रणाची मागची बाजू.

ही चूक मी स्वतः केली आहे. तरुणपणी माझ्या मामांची कोडी मी हिशेबाच्या जुन्या वहीत डिंकाने नीट ओळीत चिकटवली. पानाच्या दोन्ही बाजूंना. फार अभिमान वाटला होता त्या वहीचा. पुढे त्यांचं साल लावायची वेळ आली तेव्हा लक्षात आलं, तारीख सांगणारं सगळं मागच्या बाजूला होतं आणि ते मी डिंकाखाली पुरलं होतं. डिंक पाण्याने सुटतो, पण समोर मामांची निळी शाई. ज्या पानांवर एकाच बाजूला कात्रण होतं, तिथे अंधारात पानाच्या समोरून टॉर्च धरली आणि मागच्या कोऱ्या बाजूने पाहिलं, तेव्हा वहीच्या कागदातून छपाई सुलटी दिसली. एकावर सोन्याचा भाव निघाला, दुसऱ्यावर एका सिनेमाची मॅटिनीची वेळ. दोन्ही बाजूंना चिकटवलेली पानं मात्र आजही मुकी आहेत.

तुमची कात्रणं सुटी आहेत, हे तुमचं भाग्य. मागे काय बघायचं ते सांगते. कशाचीही किंमत 'न. पै.' मध्ये असेल तर कागद १ एप्रिल १९५७ ते १ जून १९६४ च्या दरम्यानचा. दशमान नाणी आली तेव्हा पैशाला 'नवा' म्हणायचे, तो 'नवा' शब्द १९६४ साली गेला. जाहिरातीतल्या पत्त्यात सहा आकडी पिनकोड असेल तर १५ ऑगस्ट १९७२ नंतरचा. नुसतं 'मुंबई ४' असेल तर बहुधा आधीचा. 'मद्रास राज्य' १९६९ मध्ये तमिळनाडू झालं, 'म्हैसूर राज्य' १९७३ मध्ये कर्नाटक, 'सिलोन' १९७२ मध्ये श्रीलंका. कुलाबा जिल्हा १९८१ मध्ये रायगड झाला. हा शेवटचा बदल कोड्याच्या आतही सापडतो. 'महाराष्ट्रातील एक जिल्हा' याला तीन घरं असली आणि 'कुलाबा' बसत असलं, तर कोडं बहुधा त्याआधीचं, कारण 'रायगड'ला चार घरं लागतात. 'आणे' मात्र पुरावा म्हणून धरू नका. नाणी बदलल्यावरही चार आणे, आठ आणे आपण कितीतरी वर्षं म्हणत राहिलो, आणि कोडी रचणारेही याच घरांतले. म्हणून चवलीच्या कोड्याला मी १९५७ च्या अलीकडे-पलीकडे काहीच म्हणणार नाही. त्याची मागची बाजू पाठवा.

फोटो काढताना या मागच्या बाजूचाच त्रास होतो. कागद पातळ, त्यामुळे मागची छपाई पुढे झिरपते आणि घरांच्या रेघांत गोंधळ करते. कात्रणाखाली काळा कागद ठेवा. ऐकायला उलटं वाटतं, पण पांढऱ्या कागदावरून उजेड परतून येतो आणि मागची अक्षरं उजळवतो. काळा कागद तो उजेड गिळतो. करून बघा, फरक लगेच दिसेल. दिवसा खिडकीपाशी, पण ऊन थेट नको. मोबाइल कागदाला समांतर धरा, कडेला पट्टी ठेवा म्हणजे आकार कळेल, आणि दोन्ही बाजू टिपा. एक सावधगिरी: मोबाइलमधली कागद स्कॅन करणारी ॲप आपणहून पान पांढरंशुभ्र करतात. त्यात पुसट पेन्सिल आधी मरते. खोडरबराने जे केलं असतं तेच ॲप करतं, फक्त दिसत नाही. साधा कॅमेरा वापरा. स्कॅनर असेल तर ६०० डीपीआयला, रंगीत.

आता पुन्हा सोडवण्याबद्दल. मुलांना मूळ कात्रण द्यायचं नाही, कोरी जाळी काढून द्यायची. ही जाळी उतरवताना एक मोह होतो आणि तो टाळला पाहिजे: शुद्धलेखन सुधारण्याचा.

मराठी साहित्य महामंडळाचे लेखनाचे नियम १९६२ साली आले, १९७२ मध्ये त्यांत आणखी चारांची भर पडून ते अठरा झाले. त्यांनी दोन गोष्टी बदलल्या आणि दोन्ही शब्दकोड्याच्या मुळावर येतात. पहिली, शेवटचा इकार-उकार. आधी 'कवि', 'गुरु', 'मति' ऱ्हस्व लिहीत, नंतर 'कवी', 'गुरू', 'मती' झालं. आता समजा जुन्या कोड्यात आडवा शब्द 'कवि' आहे आणि त्याच्या शेवटच्या घरातून खाली 'विहीर' उतरते. दोघांना 'वि' सामाईक, कोडं चोख. तुम्ही आजच्या नियमाने 'कवी' केलंत की 'वीहीर' होते. 'गुरु'च्या शेवटातून 'रुमाल' काढला असेल तर तिथेही तीच गत. रचणाऱ्याने चूक केली नव्हती, पायाच नंतर सरकला. दुसरी गोष्ट, उच्चारात नसलेले अनुस्वार. 'कांहीं', 'पांच', 'घरांत' हे सगळे टिंब उतरवून मोकळे झाले. जुन्या लेखनात 'नांव' म्हणजे नाम आणि 'नाव' म्हणजे होडी, एवढा भेद एका टिंबावर होता. 'होडी (२)' असा शोधसूचक शब्द असेल आणि छेद देणाऱ्या शब्दात 'ना' असेल तर सगळं ठीक. पण 'नामाभिधान (२)' असेल तर घरात 'नां' हवं आणि छेदणारा शब्दही 'नां'चाच हवा, उदाहरणार्थ 'नांगर'. आजच्या मुलाला ही गंमत समजावून सांगितली की तो टिंबं शोधत बसतो. नियम कडेला चार ओळींत लिहून द्या, जाळी मात्र जशी छापली तशीच. काही छापखाने तेव्हा 'इ', 'उ' ऐवजी 'अि', 'अु' छापत. तेही तसंच उतरवा. क्रमांक चुकलेला असेल, एखादा काळा चौकोन राहून गेला असेल, तर तसाच ठेवा आणि शेजारी लिहा, 'मुळात असंच'.

अडलेल्या शब्दांसाठी दाते-कर्वे यांचा महाराष्ट्र शब्दकोश आणि मोल्सवर्थचा कोश. दोन्ही शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर शोधता येतात. जुनी मराठी कोडी समानार्थी संस्कृत शब्दांवर उभी असतात. पाणी म्हटलं की जल, नीर, तोय, उदक, सलिल, जीवन. किती घरं आणि छेदात काय, यावरच निवड होते. शिवाय मण, शेर, खंडी, पायली. चाळीस शेरांचा मण हे ज्याला माहीत नाही, त्याला अर्धी कोडी अवघड जाणार. आजी-आजोबांना शेजारी बसवा, त्यांना हे तोंडपाठ असतं.

छापील उत्तर हवं असेल तर पुढचा अंक गाठावा लागतो. दैनिकात सहसा दुसऱ्या दिवशी, पुरवणीत पुढच्या रविवारी. म्हणून आधी तारीख, मग उत्तर. ग्रंथ वितरणाचा कायदा १९५४ चा, त्यात १९५६ मध्ये वृत्तपत्रंही आली. त्यानुसार प्रकाशकाने अंक पाठवायच्या चार ग्रंथालयांपैकी एक मुंबईचं मध्यवर्ती ग्रंथालय आहे. पुण्यात, ठाण्यात, मुंबईत जुन्या मराठी ग्रंथसंग्रहालयांकडेही बांधीव फायली असतात. जाताना कात्रणाचा फोटो आणि सालाचा अंदाज घेऊन जा. 'साठ-सत्तर सालचं कोडं' एवढंच सांगितलंत तर काउंटरवरचा माणूस नुसता हसेल, आणि त्याचं काही चुकलं असं मी म्हणणार नाही.

चौथ्या फोटोतल्या कूपनाचं उत्तर मात्र शोधत बसू नका. 'प्रवेश फी' आणि बक्षिसाची मोठी रक्कम छापलेलं ते कोडं वेगळ्या जातीचं आहे. जाळी जवळजवळ भरलेली, शब्दात एखादंच अक्षर रिकामं, आणि तिथे दोन-तीन अक्षरं सारखीच चपखल. माझ्या पदरचं उदाहरण देते: 'हे असेल तर माणसाला काही कमी पडत नाही', पुढे '_न'. धन की मन? दोन्ही बरोबर. पण संपादकाकडे आधीच सीलबंद ठेवलेल्या उत्तराशी जो जुळेल तोच जिंकणार. म्हणून लोक एकेका कोड्याची वेगवेगळी उत्तरं भरून कूपनांवर कूपनं पाठवत, प्रत्येकाची फी वेगळी. घराघरांत याचं वेड होतं, आणि पैसेही बुडत.

हे प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं. बंगलोरहून निघणाऱ्या 'स्पोर्टिंग स्टार' या साप्ताहिकातून आर. एम. डी. चमारबागवाला यांची कोडी येत आणि मुंबई राज्यातून प्रवेशिकांचा ओघ असे. मुंबई सरकारने राज्याबाहेर छापलेल्या पत्रांतल्या स्पर्धाही कराच्या कक्षेत आणल्या, त्यावर खटला झाला. ९ एप्रिल १९५७ रोजी निकाल लागला: अशी स्पर्धा हा जुगार आहे आणि जुगार म्हणजे व्यापार नव्हे, तेव्हा व्यापाराच्या स्वातंत्र्याचं संरक्षण त्याला नाही. त्याच दिवशी केंद्राच्या १९५५ च्या बक्षीस स्पर्धा कायद्यावरही निकाल आला. हा कायदा नशिबावरच्या स्पर्धांना लागू, बुद्धीच्या स्पर्धांना नाही, असं न्यायालयाने म्हटलं. त्या कायद्याने महिन्याला एकूण हजार रुपयांहून जास्त बक्षीस आणि दोन हजारांहून जास्त प्रवेशिका बंद केल्या होत्या. तुमच्या कूपनावर बक्षिसाचा आकडा पाच अंकी दिसतो, म्हणजे ते बहुधा या कायद्याच्या आधीचं. म्हणजे १९५५ हा तुमचा अंदाज कदाचित थोडा मागे न्यावा लागेल. वडिलांनी ते भरून पाठवलं नाही, कापून ठेवलं, याचं मला कुतूहल आहे. या कूपनाला स्वतंत्र पाकीट करा. कोडं म्हणून त्यात दम नाही, कागद म्हणून तुमच्या डब्यातलं सगळ्यात मोलाचं तेच असेल.

संगणकावर उतरवायचं असेल तर साधी स्प्रेडशीट घ्या, एका घरात एक अक्षर. इंग्रजी कोड्यांसाठी केलेल्या जुन्या प्रणाली एका घरात एकच रोमन अक्षर धरून चालतात. आपल्या 'स्त्री'ला घर एक, पण संगणकाच्या हिशेबी ती सहा चिन्हं. शिवाय 'तऱ्हा' दोन वेगळ्या पद्धतींनी टंकता येतो, डोळ्याला दोन्ही सारखे आणि शोधताना एक सापडतो, दुसरा नाही. पहिल्या दिवशीच एक पद्धत ठरवा आणि घरातल्या सगळ्यांना तीच सांगा.

हे काम केवढं वाढू शकतं याचं उदाहरण अमेरिकेत आहे. 'न्यूयॉर्क टाइम्स'मध्ये शब्दकोडं १५ फेब्रुवारी १९४२ ला सुरू झालं. विल शॉर्ट्झ १९९३ मध्ये तिथल्या शब्दकोड्यांचे संपादक झाले, त्याआधीची सोळा हजारांवर कोडी डेव्हिड स्टाइनबर्ग याने शाळकरी वयात, २०१२ मध्ये, गोळा करायला घेतली आणि स्वयंसेवकांकडून घर न् घर टंकून घेतली. रोजच्या कोड्यांवर रचणाऱ्याचं नावही छापत नसत, तीही शोधायला लागली. आपल्या दैनिकांच्या कोड्यांची अवस्था तशीच, बहुतेक निनावी. तुम्हाला ती छापायची किंवा सगळ्यांसमोर ठेवायची असतील तर एवढं लक्षात ठेवा: आपल्या कायद्यात निनावी लेखनाचा हक्क प्रसिद्धीच्या पुढच्या वर्षापासून साठ वर्षं चालतो. त्याअलीकडचं असेल तर वृत्तपत्राला विचारा. घरात सोडवायला कुणाची परवानगी लागत नाही.

राहता राहिला पाचवा फोटो. १२ आडवा, 'कमळ (३)'. वडिलांनी फक्त शेवटच्या घरात 'ज' लिहून सोडून दिलंय. पंकज, सरोज, नीरज, जलज, अंबुज, वारिज, सगळी बसतात. पहिल्या घरातून १२ उभा सुटतो, त्यावरून सुटलं असतं, पण त्याच्या ओळीवर नेमकी घडी आहे आणि तिथला तुकडा गेलाय. तो बहुधा डब्याच्या तळाशी चुऱ्यात असेल. डबा झटकू नका, पांढऱ्या कागदावर हलक्या हाताने उपडा करा.